गोंचारोव, इव्हान अलेक्सांद्रोविच

(१८ जून १८१२ – २७ सप्टेंबर १८९१). रशियन वास्तववादी कादंबरीकार. व्होल्गाकाठच्या सिंबिर्स्क (आताचे उल्यानोव्स्क) येथे धान्याच्या सधन व्यापाऱ्याच्या घरी जन्म. तो सात वर्षांचा असताना वडील वारले. मॉस्को विद्यापीठातील शिक्षण १८३४ मध्ये संपवून तो सेंट पीटर्झबर्गला अर्थखात्यात भाषांतरकार म्हणून लागला. पुढे बहुतेक आयुष्य सरकारी नोकरीतच गेले. १८५६ पासून काही वर्षे तो अभ्यवेक्षकही (सेन्सॉर) होता. १८५२ मध्ये ॲडमिरल पुत्यातिनचा सचिव म्हणून तो ‘पाल्लादा’ या युद्धनौकेवरून निघाला आणि आफ्रिकेला वळसा घालून जपानला पोहोचला. सायबेरियातून खुष्कीच्या मार्गाने तो १८५५ मध्ये परतला. ‘फ्रेगात पाल्लादा’ (१८५८) हे त्या सफरीचे वर्णन.

कादंबऱ्या तीनच. ‘ओबिक्नोवेन्नाया इस्तोरिया’ (१८४७, मराठी शीर्षक – म. शी. – एक सामान्य कहाणी) या पहिल्या कादंबरीचे समीक्षक बेलिन्स्कीने स्वागत केले. ‘ओब्लोमोव’ (१८५९) ही त्याची सर्वश्रेष्ठ कृती. तिची कल्पना १८४७ च्या सुमारास सुचली असावी. ‘ओब्लोमोवचे स्वप्न’ हे प्रकरण १८४९ मध्ये स्वतंत्रपणे छापले गेले. उरलेल्या भागाचा बराचसा मजकूर मात्र १८५७ च्या उन्हाळ्यात बोहीमियातील मारीएनबाड या आरोग्यस्थानी काही आठवड्यांत लिहून झाला. पहिल्या भागात नायक अंथरुणावरून जवळजवळ उठतच नाही. समीक्षक दोब्रोल्यूबोवने भूदासप्रथेवर पोसलेल्या जमीनदारवर्गाचे निदान म्हणून ही कादंबरी वाचली आणि तोच अर्थ रूढ झाला. ‘स्वप्ना’तील पत्राचा प्रसंग पाहिला, तर तो अर्थ अपुरा वाटतो. ओब्लोमोव्हकात (नायकाच्या वडिलोपार्जित जमीनदारीच्या गावी) एक पत्र येते. ते आणणाऱ्या कुळालाच मालकीण रागे भरते. काय अरिष्ट असेल या धास्तीने पत्र चार दिवस तसेच पडून राहते. अखेर फोडतात, तर एका स्नेह्याने बिअरची कृती मागवलेली असते. ती कृती काही त्याला पाठवली जात नाही. यात उपहास आहे, पण लेखकाचा जिव्हाळाही लपत नाही.

कादंबरीकार तुर्गेन्येवशी वाद : ‘ओब्रीव’ (१८६९, म. शी. कडा) ही तिसरी कादंबरी गोंचारोवच्या सांगण्यानुसार १८४९ पासून त्याच्या मनात होती. सफरीवरून परतल्यावर तिचे कथानक त्याने तुर्गेन्येवला तपशीलवार ऐकवले. १८५८ च्या अखेरीस तुर्गेन्येवची ‘द्वोऱ्यान्स्कोये ग्न्येज्दो’ (म. शी. उमरावांचे घरटे) हस्तलिखितात ऐकताच आपलेच कथानक उचलल्याचा आरोप गोंचारोवने केला. तुर्गेन्येवने त्यातील एक प्रसंग गाळलाही. तुर्गेन्येवचीच ‘नाकानून्ये’ (१८६०, म. शी. पूर्वसंध्या) प्रसिद्ध झाल्यावर वाद पुन्हा पेटला आणि मार्च १८६० मध्ये आन्येन्कोव, द्रुझीनिन, दुदीश्किन व निकित्येन्को हे साहित्यिक लवाद म्हणून बसले. दोन्ही लेखन एकाच रशियन भूमीतून उगवले असल्याने काही साम्ये अपरिहार्य आहेत, असा निर्वाळा त्यांनी दिला. दोघांतील अबोला सुटला तो १८६४ मध्ये, द्रुझीनिनच्या अंत्यविधीच्या वेळी. संशय मात्र गेला नाही. आपले विषय तुर्गेन्येवमार्फत फ्रेंच कादंबरीकार फ्लोबेअर व जर्मन कादंबरीकार आउअरबाख यांच्यापर्यंत पोहोचले, असे गोंचारोवने १८७० नंतरच्या दशकात लिहिलेल्या ‘न्येओबिक्नोवेन्नाया इस्तोरिया’ (म. शी. एक असामान्य कहाणी) या टिपणात म्हटले आहे. ते १९२४ मध्ये प्रकाशात आले. अभ्यासकांचा कल हा सारा प्रकार मनोविकृतीत जमा करण्याकडे असतो. फ्लोबेअरविषयीच्या आरोपापुरते ते बरोबरच आहे. मूळ तक्रार तितकी निराधार म्हणता येत नाही, कारण गाळलेला प्रसंग तुर्गेन्येवने स्वतःच गाळला होता.

‘ओब्रीव’मधील नास्तिवादी (प्रस्थापित मूल्ये नाकारणारा) तरुण मार्क वोलोखोव याचे चित्र पुरोगामी टीकाकारांना रुचले नाही. त्यानंतर गोंचारोवने कादंबरी लिहिली नाही. ग्रिबोयेदोवच्या नाटकावरील ‘मिल्योन तेर्झानी’ (१८७२, म. शी. दशलक्ष यातना) हा लेख मात्र रशियन समीक्षेत मोलाचा मानतात.

तो अविवाहित होता. मालमत्ता त्याने आपल्या दिवंगत नोकराच्या कुटुंबाला दिली. उत्तरायुष्यात त्याने बरीच कागदपत्रे जाळली आणि आपली खाजगी पत्रे छापू नयेत, असे १८८९ मधील एका लेखात जाहीरपणे बजावले. संशोधकांनी ते मानलेले नाही.