फ्लेक्सवरचा चेहरा डोक्यात कसा शिरतो?

कोल्हापुरात बिंदू चौकातून मिरजकर तिकटीकडे चालत निघा. एका वाढदिवसाच्या शुभेच्छा वाचून होईपर्यंत पुढचा ‘कार्यसम्राट’ हात जोडून उभा असतो. “हे फ्लेक्स बघतंय कोण?” असं आपण म्हणतो. पण नेत्याचं काम होण्यासाठी आपण ते नीट बघायची गरजच नसते.

1968 साली मानसशास्त्रज्ञ रॉबर्ट झायॉन्स यांनी लोकांना अनोळखी चेहरे आणि निरर्थक शब्द कमी-जास्त वेळा दाखवले. जे जास्त वेळा दिसलं, ते जास्त आवडलं. त्यामागे गुण नाही, काम नाही, फक्त वारंवार दिसणं.

खरी गंमत 1980 च्या प्रयोगात आहे. कुन्स्ट-विल्सन आणि झायॉन्स यांनी वेडेवाकडे अष्टकोन सेकंदाच्या हजाराव्या भागाएवढेच दाखवले. नंतर जुना-नवा अशी जोडी समोर ठेवली. ‘आधी कुठला पाहिला?’ याचं बरोबर उत्तर 48 टक्के वेळा आलं, म्हणजे नाणं उडवल्यासारखंच. ‘कुठला आवडतो?’ असं विचारलं तेव्हा मात्र 60 टक्के वेळा जुन्यावर बोट गेलं. ओळख पटली नव्हती, तरी पसंती ठरली होती!

असं का होतं? एकदा पाहिलेली गोष्ट पुन्हा समजून घ्यायला मेंदूला कमी कष्ट पडतात. ही सुलभता त्याला सुखद वाटते आणि त्या सुखाचं श्रेय तो समोरच्या चेहऱ्याला देऊन टाकतो. ही वाढ सरळ रेषेत होत नाही, साधारण लॉगॅरिदमच्या वक्राने होते. एकाचे दोन फ्लेक्स केल्यावर जेवढी पसंती वाढते, तेवढीच पुन्हा वाढवायला दोनाचे चार आणि मग चाराचे आठ करावे लागतात. पुढे तर कंटाळाच येतो. प्रतिमा घडवून देणाऱ्या एजन्सी हा वक्र गिऱ्हाइकाला कशाला दाखवतील? आणि अंकशास्त्र्याच्या सांगण्यावरून नावात जादा अक्षर घालणाऱ्या उमेदवाराबद्दल काय बोलावं! उलट नेहमीचं नाव बदललं, तर कमावलेली ओळखच पुसट व्हायची.

आणखी एक अट आहे. चेहरा वाईट संदर्भात पुन्हा पुन्हा दिसला, तर नावड वाढते. 2019 च्या महापुरात मदतीच्या धान्याच्या पाकिटांवर नेत्यांचे फोटो असलेले स्टिकर दिसले आणि लोक भडकले. फोटो होता मदतीच्याच पाकिटावर, पण घरात पाणी शिरलेल्या माणसाला त्यात जाहिरात दिसली. असा चेहरा पुढे चौकाचौकात लावला, तर प्रत्येक फ्लेक्स त्या रागाचीच उजळणी करून देण्याची शक्यता जास्त.