रॉकेट ८८

रॉकेट ८८ : रॉक अँड रोलच्या अगदी सुरुवातीच्या काळातली गाजलेली तबकडी. मार्च १९५१ च्या पहिल्या आठवड्यात अमेरिकेतील मेम्फिस शहरात, ७०६ युनियन ॲव्हेन्यू येथील ध्वनिमुद्रक सॅम फिलिप्स यांच्या छोट्याशा स्टुडिओत तिचे ध्वनिमुद्रण झाले. शिकागोच्या चेस कंपनीने ती १४५८ या क्रमांकाने बाजारात आणली. जूनमध्ये ती ‘बिलबोर्ड’ या संगीतविषयक साप्ताहिकाच्या रिदम अँड ब्लूज (कृष्णवर्णीयांच्या लोकप्रिय संगीताच्या) यादीत पहिल्या क्रमांकावर गेली आणि पाच आठवडे तिथे राहिली.

तबकडीवर नाव छापले ते ‘जॅकी ब्रेन्स्टन अँड हिज डेल्टा कॅट्स’. या नावाचा वाद्यवृंद मुळात नव्हताच. वाजवणारे होते मिसिसिपीतील क्लार्क्सडेलचे ‘किंग्ज ऑफ रिदम’, आणि त्यांचा म्होरक्या होता १९ वर्षांचा पियानोवादक आइक टर्नर. ब्रेन्स्टन हा त्यातला सॅक्सोफोनवादक. या गाण्यात तो गायला, एवढेच. नाव त्याचे झाले याची सल टर्नरच्या मनातून पुढे कधी गेली नाही.

गाण्याचा विषय मोटार. ओल्ड्समोबिल कंपनीने १९४९ साली ‘रॉकेट’ या व्ही-८ इंजिनाची ‘८८’ ही गाडी काढली होती, तिचेच हे कौतुक. चाल नवी नव्हती. जिमी लिगिन्स यांच्या ‘कॅडिलॅक बूगी’चा तिच्यावरचा ठसा स्पष्ट आहे आणि ब्रेन्स्टनने तो नाकारलाही नाही. सांगाडाही ब्लूजचा नेहमीचाच, बारा बारचा (बार म्हणजे ठरावीक मात्रांचा गट). रेमंड हिल यांचा टेनर सॅक्सोफोन जोरकस आहे. पण तसा सॅक्सोफोन त्या काळच्या इतर तबकड्यांतही सापडतो.

नवा होता तो गिटारचा आवाज. क्लार्क्सडेलहून मेम्फिसला येताना वाटेत गिटारवादक विली किझार्ट यांचा ॲम्प्लिफायर (गिटारचा आवाज मोठा करणारे, स्पीकर असलेले यंत्र) बिघडला. गाडीच्या टपावरून तो पडला असे काही सांगतात, तर पावसाने भिजला असे काही. स्टुडिओत उघडून पाहिले, तर स्पीकरचा कोन फाटलेला. स्पीकरमध्ये चुंबकाच्या फटीत तारेचे वेटोळे मागेपुढे हलते आणि त्याला चिकटलेला कागदी कोन हवा ढकलतो. कोन फाटला की फाटलेली कड वेटोळ्याच्या हालचालीला धरून राहत नाही. ती मोकळी फडफडते आणि प्रत्येक सुराला खरखर येते. नवा कोन बसवायला वेळ नव्हता. फिलिप्स यांनी कागदाचे बोळे करून फाटलेल्या जागी दाबून बसवले.

बोळ्यांनी फडफड आवरली, पण पूर्ण थांबली नाही, आणि ते बरेच झाले. बोळा सैल राहिला तर नुसता खडखडाट होतो. ठासून भरला तर कोन हलतच नाही आणि आवाज दबतो. इथे मधला बिंदू साधला. गिटारच्या मूळ सुरावर वरच्या स्वरांशांचा (मूळ सुरासोबत उमटणाऱ्या उंच सुरांचा) जाड थर चढला आणि खालच्या पट्टीतली बूगीची (ब्लूजमधल्या ठेकेदार, पुन्हा पुन्हा येणाऱ्या चालीची) ओळ सॅक्सोफोनसारखी भरदार ऐकू येऊ लागली. फिलिप्स यांनी हा आवाज मागे न लपवता पुढे आणला. सगळे एकाच वेळी, एकत्र वाजवून मुद्रण होत असल्याने एखादे वाद्य नंतर वर-खाली करण्याची सोय नव्हती. निर्णय तिथल्या तिथे घ्यायचा होता. फिलिप्स यांचे खरे श्रेय या निर्णयात आहे, कागद कोंबण्यात नाही.

त्याच वर्षी बिल हेली यांनी हे गाणे आपल्या वाद्यवृंदासह गायले. पियानोची सुरुवात तर लिटल रिचर्ड यांच्या १९५८ च्या ‘गुड गॉली, मिस मॉली’त जवळजवळ जशीच्या तशी ऐकू येते. फिलिप्स यांनी १९५२ मध्ये स्वतःची सन रेकॉर्ड्स ही कंपनी काढली.

‘रॉक अँड रोलची पहिली तबकडी’ हा मान फिलिप्स हिलाच देत. तो दावा टिकत नाही. फॅट्स डॉमिनो यांचे ‘द फॅट मॅन’ १९४९ च्या डिसेंबरातच मुद्रित झाले होते. मात्र फाटक्या आवाजाची गिटार गाण्याच्या मध्यभागी ठेवून यादीत पहिल्या क्रमांकावर गेलेल्या सुरुवातीच्या तबकड्यांत तिचे स्थान पक्के आहे. २०१८ साली रॉक अँड रोल हॉल ऑफ फेमने एकेका गाण्याचा गौरव सुरू केला, तेव्हा पहिल्याच यादीत तिचा समावेश झाला. ब्रेन्स्टन १९७९ मध्ये वारले. असे यश त्यांना पुन्हा मिळाले नाही.