कन्सोल शेअरिंग की शेअर प्ले? गेम देणं वेगळं, कंट्रोलर देणं वेगळं

प्लेस्टेशन ५ वर घेतलेला डिजिटल गेम भावंडाला किंवा मित्राला खेळायला द्यायचा म्हटलं की दोन नावं पुढे येतात. एक ‘कन्सोल शेअरिंग अँड ऑफलाइन प्ले’ आणि दुसरं ‘शेअर प्ले’. दोन्ही नावांत शेअर आहे, दोन्हींत प्ले आहे, आणि दोन्हींमुळे ज्याने गेम विकत घेतलेला नाही त्याला तो खेळता येतो. मग एकाची माहिती वाचून दुसऱ्याच्या मेनूत शोधाशोध होते, किंवा मित्राला ‘तुला गेम दिला’ असं सांगितल्यावर तासाभराने त्याचा खेळ बंद पडतो आणि का ते दोघांनाही कळत नाही.

गुंता सोडवायला एकच प्रश्न पुरतो: गेम नेमका कुणाच्या कन्सोलवर चालतो आहे?

कन्सोल शेअरिंगमध्ये गेम समोरच्याच्या कन्सोलवर चालतो. त्याने तो स्वतःच्या स्टोरेजमध्ये उतरवून घेतलेला असतो. तुमच्या खात्यातून त्याला मिळते ती फक्त चालवायची परवानगी, म्हणजे परवाना. शेअर प्लेमध्ये गेम तुमच्याच कन्सोलवर चालू राहतो. पाहुण्याकडे इंटरनेटवरून चित्र आणि आवाज जातो, आणि त्याने दाबलेली बटणं उलट तुमच्या कन्सोलकडे येतात. त्याच्याकडे गेमचा एक तुकडाही उतरत नाही. इंटरनेट किती लागतं, सेव्ह (खेळाची साठवलेली प्रगती) कुठे राहतो, दोघांना एकाच वेळी खेळता येतं का, या सगळ्याची उत्तरं या फरकातूनच निघतात.

कन्सोल शेअरिंग: परवाना कुठे ठेवायचा

डिजिटल गेम यंत्राला नाही, खात्याला चिकटलेला असतो. कन्सोल तो दोन परिस्थितींत चालू देतो. पहिली, गेमचा मालक स्वतःच्या खात्याने साइन इन आहे आणि इंटरनेट चालू आहे. मग कन्सोल कोणाचाही असो. दुसरी, त्या कन्सोलवर मालकाच्या खात्याचं कन्सोल शेअरिंग चालू आहे. मग त्या कन्सोलवरचा कोणताही युजर तो गेम खेळू शकतो, आणि इंटरनेट नसलं तरी मालकाचा खेळ अडत नाही.

एका खात्याला कन्सोल शेअरिंग एका वेळी एकाच पीएस५ वर चालू ठेवता येतं. पीएस४ चा हिशेब वेगळा आहे. तिथे याच सोयीला ‘प्रायमरी पीएस४’ म्हणतात, आणि एक प्रायमरी पीएस४ व एक शेअरिंगचा पीएस५ असे दोन्ही एकाच खात्याला ठेवता येतात. ज्या पीएस५ वर तुम्ही पहिल्यांदा साइन इन करता तिथे ही सेटिंग आपोआप चालू होते. त्यामुळे घरात एकच कन्सोल असेल तर काहीच करावं लागत नाही: धाकट्यासाठी वेगळा युजर बनवला की तुमचे गेम त्याला दिसतात. त्याचे सेव्ह आणि ट्रॉफी त्याच्या खात्यात जमा होतात, तुमच्या प्रगतीला धक्का लागत नाही. अनेक घरांत सगळे एकाच युजरवर खेळतात आणि मग कुणाचा तरी सेव्ह पुसला जातो. ते टाळायला वेगळा युजर हा सगळ्यात सोपा उपाय आहे.

दोन कन्सोल असले की मात्र बहुतेकांची चूक होते, आणि ती समजण्यासारखी आहे. शेअरिंग स्वतःच्या कन्सोलवर चालू ठेवावं असं वाटतं, कारण गेम आपले. पण तुम्ही तर मालक. साइन इन असताना इंटरनेटच्या जोरावर तुम्हाला कुठेही खेळता येतं. परवान्याची खरी गरज आहे ती दुसऱ्या कन्सोलवरच्या माणसाला. म्हणून शेअरिंग *त्याच्या* कन्सोलवर चालू करायचं आणि तुमच्यावर बंद ठेवायचं. मग तो त्याच्या युजरवर आणि तुम्ही तुमच्या युजरवर, एकाच वेळी, अगदी तोच गेमसुद्धा खेळू शकता. एक विकत घेतलेली प्रत दोघांना पुरते.

याची किंमत तुम्हाला मोजावी लागते: तुमचं इंटरनेट गेलं की तुमच्याच कन्सोलवर तुमचेच डिजिटल गेम उघडत नाहीत. ज्या घरात नेट वारंवार जातं तिथे ही व्यवस्था करण्याआधी हा विचार नक्की करावा.

कृती अशी. आधी स्वतःच्या कन्सोलवर सेटिंग्ज उघडून युजर्स अँड अकाउंट्स, त्यात अदर, त्यात कन्सोल शेअरिंग अँड ऑफलाइन प्ले इथे जा आणि ते डिसेबल करा. मग दुसऱ्या कन्सोलवर नवा युजर जोडून तुमच्या खात्याने साइन इन करा. पडद्यावरचा क्यूआर कोड फोनवरच्या प्लेस्टेशन अॅपने स्कॅन केला तर पासवर्ड कुणाला सांगावा लागत नाही आणि दुसऱ्यासमोर टाइपही करावा लागत नाही. तिथे त्याच मेनूत जाऊन एनेबल करा. आता गेम डाउनलोडला लावा आणि समोरच्याला स्वतःच्या युजरवर परत जायला सांगा. ही शेवटची पायरी हमखास राहते. तो तुमच्याच युजरवर खेळत बसला, तर तुम्ही घरी साइन इन करताच तिकडचं साइन इन तुटतं, कारण एक खातं एका वेळी एकाच पीएस५ वर राहतं.

तुमचा युजर त्या कन्सोलवर कायम राहणार आहे, हेही लक्षात घ्या. त्याला लॉगइन पासकोड लावा आणि खरेदीच्या वेळी पासवर्ड मागण्याची सेटिंग चालू करा. टू-स्टेप व्हेरिफिकेशन नव्या साइन इनला अडवतं. आधीच साइन इन असलेल्या युजरवरून कुणी खरेदी केली तर ते मध्ये येत नाही. म्हणूनच ही सोय घरच्या माणसासाठी किंवा डोळे झाकून विश्वास टाकावा अशा एखाद्या मित्रासाठीच ठेवावी.

काय वाटलं जातं? पूर्ण गेम, बहुतेक डीएलसी (गेमला जोडायचे जादा भाग), आणि प्लेस्टेशन प्लस (प्लेस्टेशन बनवणाऱ्या सोनीचं पैसे देऊन घ्यायचं सदस्यत्व) असेल तर त्याचे डाउनलोड केलेले गेम व ऑनलाइन मल्टिप्लेअरची सोयसुद्धा. काय वाटलं जात नाही? गेममधलं चलन, आणि प्लसचं क्लाउड स्टोरेज. ते ज्याचं त्याचं. डिस्कवरच्या गेमचा या सेटिंगशी संबंध नाही, तो डिस्क आत असेल तरच चालतो. पण डिस्कच्या गेमसाठी तुम्ही घेतलेली डिजिटल डीएलसी दुसऱ्या युजरला वापरता येते, अट एवढीच की डिस्क आणि डीएलसी एकाच रीजनची, म्हणजे विक्रीच्या एकाच भौगोलिक विभागाची हवी. डीएलसी घेऊनही गेममध्ये दिसत नसेल तर पहिला संशय रीजनवर घ्यावा.

इथे आणखी एक गैरसमज डोकावतो. मुलांना पीएसएनच्या (प्लेस्टेशनच्या ऑनलाइन नेटवर्कच्या) फॅमिलीमध्ये घेतलं म्हणजे आपले गेम त्यांच्याकडे गेले, असं पालकांना वाटतं. फॅमिली मॅनेजमेंट खेळायची वेळ, खर्चाची मर्यादा आणि वयोगट यांच्यासाठी आहे. त्याने एकही गेम दुसऱ्या कन्सोलवर जात नाही.

गेमच्या चित्रावर कुलूप दिसलं तर घाबरून गेम पुसू नका. शंभर जीबीचा गेम पुन्हा उतरवूनही कुलूप तसंच राहील, कारण अडचण फाइलमध्ये नाही, परवान्यात आहे. आधी मालकाच्या युजरवरून शेअरिंग अजून इथेच चालू आहे का ते पाहा. मालकाने नवा कन्सोल घेऊन तिथे ते चालू केलेलं असू शकतं. ते ठीक असेल तर युजर्स अँड अकाउंट्सच्या अदरमध्येच रिस्टोअर लायसन्सेस आहे, ते चालवा. गेम प्लसच्या सदस्यत्वातून आलेला असेल तर सदस्यत्वाची मुदत तपासा.

कन्सोल विकण्याआधी किंवा दुरुस्तीला देण्याआधी शेअरिंग त्याच कन्सोलवरून बंद करायला विसरू नका. कन्सोल हाताशी असेल तर हे केव्हाही करता येतं. तो निघून गेला किंवा बंद पडला, तर वेबवरच्या खाते व्यवस्थापनातून सगळी उपकरणं एकदम डिअॅक्टिव्हेट करावी लागतात, आणि तसं सहा महिन्यांतून एकदाच करता येतं.

शेअर प्ले: गेम तुमच्याकडेच, फक्त खेळणारा लांब

शेअर प्ले २०१४ साली पीएस४ च्या २.०० अपडेटमधून आलं. त्याची कल्पना सोफ्याची आहे. मित्र शेजारी बसला असता तर तुम्ही त्याच्या हातात कंट्रोलर दिला असता. तो लांब असताना तेच करायचं. खात्याची देवाणघेवाण नाही, साइन इन नाही, डाउनलोड नाही. म्हणून ज्याच्या हाती खातं सोपवावंसं वाटत नाही अशा मित्राबरोबरही ते बिनधास्त वापरता येतं.

दोघांनी एका व्हॉइस चॅटमध्ये यायचं. यजमानाने गेम चालू करून पीएस बटण दाबायचं, व्हॉइस चॅटच्या कार्डातून शेअर स्क्रीन सुरू करायचं, मग स्टार्ट शेअर प्ले निवडून पाहुणा निवडायचा. पाहुणा एका वेळी एकच. आता दोन वाटा असतात. एक, पाहुणा तुमच्या जागी खेळतो: कंट्रोलर त्याच्याकडे, तुम्ही बघता. अडलेला बॉस त्याच्याकडून मारून घ्यायला हे उत्तम. दोन, पाहुणा दुसरा खेळाडू म्हणून सामील होतो; यासाठी दोघांकडेही प्लेस्टेशन प्लस लागतं.

ही दुसरी वाट कुठे चालते हे नीट समजून घेण्यासारखं आहे. गेमला इंटरनेटवरचा पाहुणा ठाऊकच नसतो. त्याला वाटतं, याच कन्सोलला दुसरा कंट्रोलर जोडला गेला. म्हणजे जो गेम एका टीव्हीसमोर दोघांना खेळू देतो तोच इथे दोघांना खेळू देईल. गेममध्ये फक्त ऑनलाइन को-ऑप (इंटरनेटवरून एकत्र मिळून खेळणं) असेल तर पाहुण्यासाठी जागाच नसते. तिथे दोन कन्सोलवर दोन परवाने हवेत, म्हणजे पुन्हा कन्सोल शेअरिंगकडे वळावं लागतं.

एक सत्र जास्तीत जास्त ६० मिनिटं चालतं. मग ते तुटतं, पण लगेच नवं सुरू करता येतं आणि त्याला मोजदाद नाही. मित्राचा खेळ तासाभराने बंद पडतो तो यामुळे. सेव्ह यजमानाच्या कन्सोलवर होतो, पाहुण्याच्या हाती काही उरत नाही. काही प्रसंग गेम बनवणारेच रोखून ठेवतात. त्या वेळी पाहुण्याला चित्र दिसत नाही. तो बिघाड नाही.

चित्र चिखलासारखं दिसत असेल किंवा बटण दाबल्यावर पात्र उशिरा हलत असेल, तर बहुधा यजमानाचा अपलोड वेग कमी पडतो आहे. आपण डाउनलोडचा वेग बघून प्लॅन घेतो, इथे मात्र चित्र यजमानाकडून बाहेर जातं. यजमानाने कन्सोल वाय-फायऐवजी लॅन केबलने जोडला आणि मागे चालू असलेली डाउनलोड थांबवली की लगेच फरक पडतो. तरी बटणाचा संदेश जाणं आणि चित्र परत येणं यात काही क्षण जातातच. पाळीपाळीने चालायचे गेम, कोडी, सावकाश फिरायचे साहसी गेम छान चालतात. फायटिंग आणि रिदम गेममध्ये हीच दिरंगाई जीवघेणी ठरते. ते शेअर प्लेवर खेळूच नयेत.

पीएस४ वाल्या मित्राला मात्र याचा मोठा फायदा आहे. एप्रिल २०२१ च्या अपडेटपासून पीएस५ वरचा यजमान पीएस४ वरच्या पाहुण्याला बोलावू शकतो, त्यामुळे जो गेम त्या यंत्रावर चालणारच नाही तोही त्याला खेळून बघता येतो. कन्सोल शेअरिंगने हे कधीच साधणार नाही, कारण तिथे गेम त्याच्याच यंत्राला चालवावा लागतो.

इतर कंपन्यांच्या कन्सोलवर हीच जोडी

एक्सबॉक्सवर परवाना वाटण्याच्या सोयीला ‘होम एक्सबॉक्स’ म्हणतात. सेटिंग्जमध्ये जनरल, पर्सनलायझेशन, माय होम एक्सबॉक्स असा रस्ता आहे. तत्त्व तेच, शेअरिंग दुसऱ्याच्या कन्सोलवर ठेवायची युक्तीही तीच. फक्त होम बदलायची मुभा वर्षभरात पाचच वेळा आहे, त्यामुळे चाचपडत बदल करू नयेत.

निन्टेन्डोने परवाना वेगळ्या पद्धतीने हाताळला आहे. एप्रिल २०२५ पासून त्यांच्या स्विच या कन्सोलवर डिजिटल गेम ‘व्हर्च्युअल गेम कार्ड’ म्हणून दिसतात. फॅमिली ग्रुपमधल्या सदस्याला ते १४ दिवसांसाठी उसनं देता येतं. एका सदस्याला एका वेळी एकच, आणि देताना दोन्ही कन्सोल जवळ आणावे लागतात. सोनीपेक्षा मोठा फरक असा की कार्ड दिलं की ते तुमच्याकडे राहत नाही. तो खेळत असेपर्यंत तुमचा गेम बंद, खऱ्या कार्डासारखाच.

निन्टेन्डोच्याच ‘गेमशेअर’चं नाव ऐकून तेही उसनं देणंच वाटतं, पण ते शेअर प्लेचं भावंड आहे. गेम यजमानाच्या स्विच २ वर चालतो आणि जवळपासच्या आणखी तिघांपर्यंत पोहोचतो. त्यांच्याकडे जुना स्विच असला तरी चालतो. लांबच्या मित्राला गेमचॅटमधून (स्विच २ च्या ऑनलाइन गप्पांच्या सोयीतून) घ्यायचं तर त्याच्याकडेही स्विच २ हवा. ज्या गेममध्ये ही सोय बनवणाऱ्यांनी दिलेली आहे तेवढ्यांतच ती मिळते. आणि खेळ संपला की पाहुण्याकडे काहीच उरत नाही. उसन्या कार्डाचं तसं नाही: १४ दिवसांनी कार्ड आपोआप मालकाकडे परततं, पण सेव्ह घेणाऱ्याच्या कन्सोलवर राहतो, आणि तोच गेम पुन्हा उसना मिळाला की जिथे थांबला होता तिथून पुढे खेळता येतो.