नेव्हेया: उलट्या स्वर्गातून आलेलं नाव

वाल्या कोळ्याच्या तोंडी 'राम' येईना, म्हणून नारदांनी त्याला 'मरा, मरा' म्हणायला लावलं, ही गोष्ट आपण लहानपणापासून ऐकत आलो आहोत. दोनच अक्षरं, पण क्रम बदलला आणि मरणाच्या शब्दातून देवाचं नाव निघालं. अमेरिकेत २००० सालच्या आसपास मुलींच्या नावांत याच जातीचा एक प्रकार घडला. स्वर्गासाठी इंग्रजीत जो 'हेवन' शब्द आहे, त्याची रोमन अक्षरं शेवटाकडून सुरुवातीकडे लिहिली गेली आणि 'नेव्हेया' हे नाव तयार झालं. कुठल्याही धर्मग्रंथात, पुराणात, आजी-पणजीच्या नावात ते नव्हतं. तरीही दहा वर्षांत ते त्या देशातल्या मुलींच्या सर्वांत लोकप्रिय पंचवीस नावांत जाऊन बसलं.

या नावाच्या वाढीचा हिशेब वर्षावार सापडतो, कारण अमेरिकेची सोशल सिक्युरिटी ॲडमिनिस्ट्रेशन ही सरकारी संस्था नवजात बाळांच्या नावांची यादी प्रसिद्ध करते. तिच्यात १८८० पासूनची नावं आहेत, आणि एखाद्या वर्षी निदान पाच बाळांना मिळालेलं नाव त्यात दिसतं. ही यादी लोकांसमोर कशी आली, तेही सांगण्यासारखं आहे. संस्थेत काम करणारा मायकेल शॅकलफर्ड नावाचा एक विमागणिती १९९७ च्या सुमारास बाप होणार होता. त्याच्या स्वतःच्या नावाचे लोक जागोजागी भेटत, आणि आपल्या मुलाच्या वाट्याला ते येऊ नये असं त्याला वाटत होतं. कुठली नावं फार झाली आहेत ते कळावं म्हणून त्याने कार्यालयातल्या नोंदी मोजून काढल्या आणि इंटरनेटवर टाकल्या. 'चारचौघांसारखं नाव नको' या एका बापाच्या इच्छेतून देशभरातल्या आईबापांना आपापल्या आवडीचं नाव किती पसरलंय ते पाहायची सोय झाली.

त्या यादीत नेव्हेया असं दिसतं: १९९९ मध्ये ८ मुली. २००० मध्ये ८६. २००१ मध्ये १,१९१, आणि एकदम २६६ वा क्रमांक. २००५ मध्ये ४,४५७ मुली, क्रमांक ७०. २०१० मध्ये क्रमांक २५.

आठावरून शहाऐंशी आणि शहाऐंशीवरून बाराशेच्या घरात, एवढी उडी आपोआप पडत नाही. तिच्यामागे एक दूरचित्रवाणी कार्यक्रम होता. एमटीव्हीवर 'क्रिब्ज' नावाची मालिका लागायची. नामवंतांच्या घरात कॅमेरा जायचा, ते आपला दिवाणखाना, स्वयंपाकघर, गाड्या दाखवायचे. २००० साली त्यात पी.ओ.डी. या ख्रिस्ती श्रद्धेची गाणी म्हणणाऱ्या रॉक बँडचा गायक सनी सँडोव्हाल आला. त्याने आपली तान्ही लेक दाखवली, तिचं नाव सांगितलं आणि ते उलट वाचलं की काय होतं तेही सांगितलं. बस्स. पुढच्या वर्षी जन्मलेल्या हजारावर मुलींच्या नोंदी त्याची साक्ष देतात.

इथे एक चूक सर्रास होते. हे नाव त्या गायकाने 'शोधलं' असं म्हटलं जातं. पण १९९९ च्या त्या आठ मुली कार्यक्रमाच्या आधीच्या आहेत. म्हणजे कुठल्यातरी घरांत, कुणाचंही न ऐकता, कागदावर अक्षरं उलटीपालटी करणारे आईबाप आधीपासून होते. गायकाने नाव घडवलं नाही, त्याने ते सांगायची रीत दिली: नाव, क्षणभर थांबणं, आणि मग 'उलट वाचा'. मला वाटतं, नेव्हेयाची खरी ताकद त्या थांबण्यात आहे. ऐकणाऱ्याला एक छोटं कोडं मिळतं आणि सुटल्याचा आनंदही लगेच मिळतो. अर्थ सांगायला व्युत्पत्तिकोश लागत नाही, अर्थ त्या नावातच गुंडाळून ठेवलेला असतो.

मराठी वाचकाला ही गंमत नीट कळायला थोडं जवळ जावं लागतं, कारण आपली लिपी वेगळ्या रीतीने उलटते. 'रामाला भाला मारा' हे आपण उलट वाचतो तेव्हा अख्खं अक्षर, काना-वेलांटीसकट, जागा बदलतं: रा, मा, ला, भा, ला, मा, रा. म्हणून उलटं वाचलेलं तोंडात बसतं आणि कानालाही पटतं. सोळाव्या शतकात दैवज्ञ सूर्य पंडितांनी याच सोयीवर रामकृष्णविलोमकाव्य रचलं. सरळ वाचलं तर रामकथा, उलट वाचलं तर कृष्णकथा. 'हेवन' देवनागरीत लिहून उलटवलं तर 'नवहे' होतं. त्यात नेव्हेया कुठेच नाही. रोमन लिपीत मात्र एच, ई, ए, व्ही, ई, एन अशी सुटी अक्षरं असतात. ती उलटली की एन, ई, व्ही, ए, ई, एच. 'हेवन'मध्ये ज्या 'ईए'चा उच्चार ऱ्हस्व 'ए' होता, तो उलटून 'एई' झाला आणि त्याला नवा लांब उच्चार मिळाला. शेवटचा 'एच' तर मुकाच. म्हणजे हे नाव कानाने उलगडत नाही, ते डोळ्यांनीच उलगडतं. 'मरा मरा' भरभर म्हटलं की 'राम' आपोआप ऐकू येतो. 'नेव्हेया नेव्हेया' शंभर वेळा म्हटलं तरी स्वर्ग ऐकू येणार नाही. तो लिहून पाहावा लागतो.

मग बोलताना हे नाव एवढं गोड का वाटलं? कारण उलटवल्यावर जे हाती आलं, ते योगायोगाने त्या काळच्या आवडीत चपखल बसलं. एव्हा, ऑलिव्हिया, माया, मिया अशी स्वरांनी भरलेली आणि 'आ'वर संपणारी नावं तेव्हा चढत होती. शिवाय लिहिताना शेवटी 'एच' येतो. सारा, लेआ, हॅना या बायबलमधल्या बायकांची नावंही इंग्रजीत 'एच'वरच संपतात. त्यामुळे पूर्णपणे नवं असूनही नेव्हेया कागदावर जुन्या कराराच्या पानातून आल्यासारखं दिसतं. श्रद्धाळू ख्रिस्ती घरांना ते जवळचं वाटलं यात नवल नाही. 'हेवन' हेही मुलीचं नाव म्हणून ठेवलं जात होतंच, पण उलटं रूप त्याच्या पुढे निघून गेलं. सरळ 'स्वर्ग' म्हणून हाक मारणं जरा छातीठोक वाटतं. उलटवलं की तोच भाव पदराआड जातो, घरच्यांना ठाऊक असलेलं गुपित होतो.

या नावावर टीकाही भरपूर झाली. उलटा स्वर्ग म्हणजे नरकच की, असाही युक्तिवाद झाला. तो मला पटत नाही. अक्षरांची दिशा बदलली म्हणून अर्थाची दिशा बदलत नसते, नाहीतर वाल्याचा वाल्मीकी झालाच नसता. दुसरी टीका अशी की हे 'खरं' नावच नाही, बनवलेलं आहे. तिला उत्तर द्यायचं तर जुन्या, मानाच्या समजल्या जाणाऱ्या नावांकडे पाहावं लागतं.

'व्हेनेसा' घ्या. आज हे नाव ऐकून कुणाच्या भुवया उंचावत नाहीत. पण तेही एका माणसाने जोडकाम करून तयार केलेलं आहे, आणि तो माणूस आपल्याला माहीत आहे. आयरिश लेखक जोनाथन स्विफ्ट डब्लिनच्या सेंट पॅट्रिक कॅथीड्रलचा डीन होता. एस्थर व्हॅनहोमरी नावाच्या तरुणीशी त्याचा निकटचा स्नेह होता. तिच्या आडनावातलं 'व्हॅन' घेतलं, एस्थरचं लाडकं रूप 'एसा' घेतलं, आणि दोन्ही जोडून कवितेत तिला व्हेनेसा म्हटलं. त्याच कवितेत स्वतःला त्याने 'कॅडेनस' म्हटलं. डीनला लॅटिनमध्ये 'डेकॅनस' म्हणतात, त्याच अक्षरांची ती उलथापालथ. म्हणजे अक्षरांशी खेळून नाव करण्याचा खेळ धर्मपीठावरचा माणूस अठराव्या शतकातच खेळत होता. एस्थर १७२३ मध्ये वारली, कविता १७२६ मध्ये छापून आली, आणि नाव जगात मोकळं फिरू लागलं.

पुढची गोष्ट मला याहून मोलाची वाटते. नावांच्या पुस्तकात व्हेनेसाचा अर्थ पाहिला तर 'फुलपाखरू' असा सापडतो. स्विफ्टच्या मनात फुलपाखरू नव्हतं. डॅनिश कीटकशास्त्रज्ञ फॅब्रिशियस याने १८०७ मध्ये फुलपाखरांच्या एका प्रजातिगणाला व्हेनेसा हे नाव दिलं. पेंटेड लेडी म्हणून ओळखलं जाणारं नारिंगी-काळं फुलपाखरू त्यातलंच. कवितेनंतर ऐंशी वर्षांनी फुलपाखराला नाव मिळालं, आणि त्या फुलपाखरावरून नावाला अर्थ मिळाला. मुलगी आधी आली, नाव नंतर, अर्थ सगळ्यांत शेवटी. नेव्हेयाच्या बाबतीत निदान अर्थ आणि नाव एकाच क्षणी जन्मले.

'वेंडी'चंही तसंच. नाटककार जे. एम. बॅरी याला त्याच्या कविमित्राची, डब्ल्यू. ई. हेन्लीची, चिमुरडी मुलगी 'माय फ्रेंडी' म्हणायची. 'र' जिभेवर वळत नसल्याने त्याचं 'फ्वेंडी' व्हायचं. ती १८९४ मध्ये, अवघ्या पाच वर्षांची असताना गेली. दहा वर्षांनी, १९०४ मध्ये, बॅरीच्या पीटर पॅन नाटकातली मुलगी वेंडी म्हणून रंगमंचावर आली. त्याआधी हे नाव अगदी क्वचित कुठेतरी आढळायचं. त्यानंतर हजारो वेंडी झाल्या. एका बोबड्या लेकराचा शब्द त्या सगळ्यांनी आयुष्यभर वागवला, बहुतेकींना माहीतही नसताना. 'इमोजेन' तर बहुधा छापखान्यातली चूक आहे. शेक्सपिअरच्या नाटकात मुळात 'इनोजेन' असावं, १६२३ च्या छापील ग्रंथात दोन 'एन'च्या जागी एक 'एम' बसला, असं अनेक अभ्यासक मानतात. आणि उलटं नाव म्हणाल तर स्कॉटलंडमध्ये 'सेंगा' आहेच. ॲग्नेसची अक्षरं उलटी केली की ते मिळतं, आणि ते तिथूनच आलं अशी सर्वसाधारण समजूत आहे, जरी गेलिक भाषेतल्या 'सडपातळ' अर्थाच्या शब्दाकडेही काहीजण बोट दाखवतात.

अशी नावं अमेरिकेत एवढी फोफावली याला कायद्याचंही कारण आहे. फ्रान्समध्ये १८०३ च्या कायद्याने बाळाचं नाव दिनदर्शिकांतल्या किंवा प्राचीन इतिहासातल्या नावांतूनच निवडावं लागे. ते बंधन काळाच्या ओघात सैल झालं, पण पूर्ण मोकळीक १९९३ मध्ये मिळाली. आइसलँडमध्ये नवं नाव तिथल्या भाषेच्या विभक्तीत बसतं की नाही हे पाहायला आजही समिती आहे. अमेरिकेत राज्यागणिक काही नियम आहेत, पण मान्य नावांची यादी कुठेच नाही. अर्जावर जे लिहाल ते नाव.

ही मोकळीक सर्वांत जोमाने कुणी वापरली असेल तर तिथल्या कृष्णवर्णीय कुटुंबांनी, विशेषतः १९६० च्या दशकाच्या अखेरीपासून. गुलामगिरीत मालकांनी लादलेल्या नावांचा इतिहास मागे असताना स्वतःचं नाव स्वतः घडवणं ही त्यांच्यासाठी हौस नव्हती. लकीशा, लटोया अशी नावं तेव्हा वाढली. समाजशास्त्रज्ञ स्टॅन्ली लीबरसन यांनी १९९५ मध्ये एक सुंदर गोष्ट दाखवून दिली. इलिनॉय राज्यातल्या नोंदींतली कुणी कधी न ऐकलेली नावं त्यांनी लोकांपुढे ठेवली आणि मुलगा की मुलगी ते ओळखायला सांगितलं. बहुतेक नावांबाबत लोक बरोबर ओळखत होते. म्हणजे 'मनाला येईल तसं' ठेवलेलं नावही भाषेची अंगची शिस्त पाळतं. 'आ'वर संपलं की मुलगी, हे कुणी शिकवलेलं नसताना घडवणारा आणि ऐकणारा दोघेही जाणतात. नेव्हेयाच्या शेवटी तोच 'आ' आहे.

पण नाव घडवणाऱ्याने दिलेला अर्थ नोकरी देणाऱ्याच्या टेबलापर्यंत पोचतोच असं नाही. २००४ मध्ये प्रसिद्ध झालेल्या एका अभ्यासात मारियान बर्ट्रांड आणि सेंधिल मुल्लईनाथन या अर्थशास्त्रज्ञांनी बॉस्टन आणि शिकागोमध्ये सुमारे पाच हजार बनावट अर्ज पाठवले. काहींवर एमिली, ग्रेग अशी नावं, काहींवर लकीशा, जमाल अशी. पात्रता सारखीच. पहिल्या गटाला दहा अर्जांमागे एक बोलावणं आलं, दुसऱ्याला त्यासाठी पंधरा अर्ज करावे लागले. नव्या नावाला हसणाऱ्यांनी हा आकडा जरूर लक्षात ठेवावा. घडवलेल्या नावाला नावं ठेवणं वरवर निरुपद्रवी वाटतं, पण त्याची किंमत ते नाव लावणारी मुलगी मोजते.

२०१० नंतर नेव्हेयाची ओहोटी सुरू झाली. वेगळेपणासाठी निवडलेलं नाव वर्गात दोघी-तिघींचं व्हायला लागलं, आणि वेगळेपणा शोधणारे आईबाप दुसरीकडे वळले. शॅकलफर्डने यादी टाकली होती ती याच काळजीपोटी. शिवाय या नावाची एक जोडीदारीण यादीत वर्षानुवर्षं दिसत राहिली: जिच्यात मधल्या 'ए' आणि 'ई'ची अदलाबदल झाली आहे. उच्चार तोच, माया तीच. पण ते रूप उलट वाचलं तर 'हेवन' होत नाही, दोन अक्षरं जागा चुकतात. त्या मुलींच्या कागदपत्रांवर आता तेच कायम झालं आहे.

२००१ च्या त्या १,१९१ मुली आता पंचविशीच्या घरात आहेत. कुठल्याही खिडकीपाशी नाव सांगताना त्यांना एकेक अक्षर सांगावं लागतं: एन, ई, व्ही, ए, ई, एच. पलीकडचा माणूस लिहून घेतो, कागदाकडे पाहतो, आणि मग कधीकधी त्याचं बोट शेवटच्या अक्षरावरून मागे मागे सरकू लागतं.