पानाचा ध्वनिवर्धक करणारा रातकिडा

रातकिडे पाय एकमेकांवर घासून किरकिरतात, हा समज सुशिक्षितांच्या बोलण्यातही सर्रास ऐकू येतो. तो चुकीचा आहे. पाय पंखांवर घासून आवाज काढतात ते काही जातींचे नाकतोडे. रातकिड्यांचे वाद्य म्हणजे त्यांचे पुढचे दोन पंख. एका पंखाच्या खालच्या बाजूस बारीक दात्यांची शीर असते, दुसऱ्या पंखाची कड टणक असते, आणि पंख मिटताना ही कड त्या दात्यांवरून फिरली की दोन्ही पंखांचे पातळ पापुद्रे थरथरू लागतात. वाजवतो तो फक्त नर. मादी ऐकते, आणि तिचे कान पुढच्या पायांवर, गुडघ्याच्या किंचित खाली असतात.

या घराण्यातला मला सर्वांत विलक्षण वाटणारा वादक म्हणजे झुडपांवर राहणारा, सडपातळ, फिकट रंगाचा ‘इकॅन्थस हेन्रायी’ हा भारतीय रातकिडा. मूळच्या उष्णकटिबंधीय अमेरिकेतल्या, पण आता आपल्याकडे माळरानांवर व रस्त्यांच्या कडेला माजलेल्या रानतुळशीवर तो राहतो. अंधार पडला की यांतले बहुतेक नर पानाच्या कडेवर बसून वाजवू लागतात. काही नर मात्र पानाच्या मध्यभागी जाऊन तेथे कुरतडून एक भोक पाडतात, त्यात स्वतःला असे बसवतात की डोके पानाच्या एका अंगाला आणि पोट दुसऱ्या अंगाला राहील, आणि मग पंख शरीराशी काटकोनात उभारतात. उभारलेले पंख बरोबर पानाच्या पातळीत येतात, भोक जवळजवळ झाकले जाते, आणि आवाज दुपटीहून अधिक मोठा होतो.

हे कसे घडते, ते नीट समजून घेण्यासारखे आहे. थरथरणारा पंख पुढे सरकतो तेव्हा त्याच्या पुढची हवा दाबली जाते आणि त्याच क्षणी मागची हवा विरळ होते. म्हणजे पंखाच्या दोन बाजूंनी निघणाऱ्या लहरी एकमेकींच्या अगदी उलट असतात. या कीटकाचा स्वर सेकंदाला सुमारे 3000 कंपनांचा धरला, आणि ध्वनीचा हवेतला वेग सेकंदाला सुमारे 340 मीटर घेतला, तर लहरीची लांबी साधारण 11 सेंटिमीटर येते. पंख जेमतेम एक सेंटिमीटरचा. पुढच्या बाजूला दाबलेल्या हवेला पंखाच्या कडेला वळसा घालून मागच्या विरळ भागात शिरायला जो वेळ लागतो, तो एका कंपनाच्या काळाच्या मानाने फारच थोडा असतो. त्यामुळे दाब दूर पसरण्याआधीच कडेपाशी जिरून जातो आणि पंख हलवण्यात खर्ची पडलेल्या ऊर्जेचा मोठा भाग ध्वनी म्हणून बाहेर पडतच नाही. पंखाभोवती रुंद पान आले, की पुढच्या हवेला मागे पोहोचण्यासाठी पानाच्या कडेपर्यंतचा लांबचा फेरा पडतो, दोन उलट लहरी एकमेकींना तितक्या सहज खोडू शकत नाहीत, आणि तेच कंपन दूरवर ऐकू जाते. लाउडस्पीकरचा पडदा उघडा न ठेवता खोक्यात बसवतात, तो याच कारणासाठी.

यावरून हेही लक्षात येईल की पान जितके लहरीच्या लांबीच्या जवळ जाणारे, तितका फायदा अधिक. भोक कडेजवळ पडले तर त्या बाजूने आवाजाची गळती होणार. आणि भोक पंखांच्या मापाचे नसेल तरी नुकसानच. बेंगळुरूच्या भारतीय विज्ञान संस्थेतील रोहिणी बालकृष्णन, तसेच नताशा म्हात्रे, रित्तिक देब आणि त्यांचे सहकारी यांनी 2017 साली दाखवून दिले की हा कीटक नेमके हेच साधतो: लहान-मोठी पाने उपलब्ध असली तर मोठे पान निवडतो, भोक मध्याजवळ पाडतो आणि ते पंखांना जुळेल एवढेच ठेवतो. एका जातभाईचे हे कसब दक्षिण आफ्रिकेत 1975 सालीच नोंदले गेले होते.

अशी बातमी आली की ‘भौतिकशास्त्र जाणणारा कीटक’ यासारखे मथळे झळकतात. मला ते खटकतात, कारण त्यांत खरे आश्चर्य झाकले जाते. चुकत-सुधारत शिकण्याची पायरी येथे दिसत नाही. पहिल्याच प्रयत्नात चांगले भोक पडते. मोठे पान, मधली जागा, पंखांएवढे माप, एवढे साधे नियम पाळले की ध्वनिशास्त्राचे अवघड गणित आपोआप सुटते आणि त्यासाठी ते गणित कोणी जाणावे लागत नाही.

मग सगळेच नर भोक का पाडत नाहीत? याच गटाच्या 2020 सालच्या अभ्यासात त्याचे उत्तर मिळाले. माद्यांना मोठा आवाज अधिक पसंत पडतो, आणि भोकाचा आश्रय मुख्यतः अंगाने लहान व आवाजाने मवाळ असलेले नर घेतात. पानामुळे त्यांच्याकडे अधिक माद्या वळतात. एवढेच नव्हे, तर समागमानंतर त्या जास्त वेळ थांबतात, आणि मादी जितकी थांबेल तितके अधिक शुक्राणू तिच्या शरीरात पोहोचतात. धष्टपुष्ट, मूळचाच मोठ्या आवाजाचा नर पानात बसला तरी त्याच्या पदरात विशेष काही जास्त पडत नाही, म्हणून तो कडेवर बसूनच वाजवत राहतो.