पुलावरचा माणूस आणि स्वतःत अडकणारे नियम

कल्पित जगांच्या गोष्टींत एक प्रसंग वेगवेगळ्या रूपांत येत राहतो. त्या जगाचा एखादा नियम स्वतःवरच उलटतो आणि तिथल्या माणसांना पुढे काय करावं ते सुचेनासं होतं. पुस्तकातली माणसं तेच पुस्तक वाचून बसलेली असतात, स्वप्नातल्या माणसाला सांगितलं जातं की तू स्वप्नात आहेस, कायदा पाळला की तो मोडतो. असल्या प्रसंगांना विक्षिप्तपणा म्हणून बाजूला सारू नये, असं मला मनापासून वाटतं. त्यांच्यामागे जवळजवळ चोवीसशे वर्षांची वाट आहे.

या वाटेच्या सुरुवातीला एक साधं वाक्य आहे. इसवी सनापूर्वी चौथ्या शतकात मिलेटसच्या युबुलिडीस या ग्रीक तत्त्ववेत्त्यानं एक कोडं घातलं. एक माणूस म्हणतो, ‘मी खोटं बोलतोय.’ तो खरं बोलतोय की खोटं? खरं धरावं तर खोटं ठरतं, खोटं धरावं तर खरं. असंच वाक्य भारतात भर्तृहरीच्या ‘वाक्यपदीया’त भेटतं, साधारण पाचव्या शतकात: ‘मी सगळं खोटं बोलतो.’ भर्तृहरी म्हणतो, असं बोलणाऱ्याला खुद्द हे वाक्य त्या ‘सगळ्या’त धरायचं नसतं. बोलणाऱ्याचा रोख काय हे आधी पाहायचं, ही व्याकरणकाराची नजर मला फार मोलाची वाटते. रोख कळला की वाक्य सुटतं.

वाक्याच्या जागी कायदा आला, आणि त्या कायद्याखाली कुणाची तरी मान असली, की हे इतकं सोपं राहत नाही.

सर्व्हान्तेस या स्पॅनिश लेखकाच्या ‘डॉन किहोते’ या कादंबरीचा पहिला भाग 1605 साली आला आणि दुसरा 1615 साली. दुसऱ्या भागात एक सरदार आणि त्याची बायको पहिला भाग वाचलेली आहेत. त्यामुळेच ती किहोते आणि त्याचा सेवक सांचो पान्सा यांना लगेच ओळखतात. गंमत म्हणून ती सांचोला ‘बारातारिया’ नावाच्या बेटाचा कारभारी नेमतात. ते बेट खोटंच आहे, सरदाराच्याच मुलखातलं एक गाव आहे. सांचोला यातलं काही ठाऊक नाही. तो न्यायाला बसतो आणि त्याच्यापुढे एक तंटा येतो.

एका नदीवर पूल आहे आणि पुलाच्या टोकाला फाशीचा खांब. पूल ओलांडणाऱ्यानं कुठे आणि कशासाठी चाललो ते शपथेवर सांगायचं. खरं सांगितलं तर जाऊ द्यायचं, खोटं सांगितलं तर फाशी. एक माणूस येतो आणि शपथ घेतो, ‘मी त्या खांबावर मरायला चाललोय, दुसऱ्या कशासाठी नाही.’ फाशी द्यावी तर त्यानं खरं सांगितलं, म्हणून सोडायला हवं होतं. सोडावं तर खोटं सांगितलं, म्हणून फाशी द्यायला हवी होती. चार न्यायाधीश अडून बसलेले. सांचो आधी म्हणतो, खरं बोलला तेवढा माणूस सोडा, खोटं बोलला तेवढा लटकवा. त्याला दाखवून दिलं जातं की माणूस अर्धा केला तर तो मरेलच. मग तो ठरवतो की दोन्ही बाजू सारख्याच भरत असतील तर सोडून द्या, कारण वाईटापेक्षा चांगलं करणं केव्हाही बरं. आणि शंका असली की दयेकडे झुकावं, हे मालकानं शिकवलेलंही त्याला आठवतं.

मला हा प्रसंग या साऱ्या इतिहासाचा कणा वाटतो. खोट्या बेटावर, चेष्टेसाठी बसवलेल्या माणसानं दिलेला हा निवाडा खराखुरा आहे. तर्क थांबतो तिथे तो थांबत नाही.

याच दुसऱ्या भागात आणखी एक वळण आहे. 1614 साली आवेयानेदा या टोपणनावानं कुणीतरी किहोतेचा परस्पर पुढचा भाग छापला. त्यात किहोते सारागोसाला जातो. खऱ्या दुसऱ्या भागात किहोतेच्या कानावर हे पुस्तक येतं आणि तो सारागोसाचा बेत सोडून बार्सेलोनाची वाट धरतो, ते पुस्तक खोटं पडावं म्हणून. पात्रानं आपल्याबद्दलच्या पुस्तकाला आपल्या पायांनी दिलेलं उत्तर.

मराठीत असलं जग अभंगातून कानावर पडतं. ज्ञानदेवांच्या नावावरच्या अभंगात काट्याच्या अणीवर तीन गावं वसतात, त्यांतली दोन ओसाड, तिसरं वसतच नाही. त्या न वसणाऱ्या गावात तीन कुंभार येतात, दोन थोटे आणि तिसऱ्याला घडवता येत नाही. मडकी घडवतो तो हाच तिसरा. प्रत्येक ओळ आधीच्या नकारावर उभी आहे, आणि शेवटी सांगितलं जातं की सद्गुरूवाचून हे कळायचं नाही.

लुईस कॅरोलच्या आरशापलीकडच्या जगात (1871) अॅलिसला सांगतात की समोर झोपलेल्या लाल राजाच्या स्वप्नात तू आहेस, तो जागा झाला की तू विझशील. ती रडू लागते. मी खरी नसते तर रडता आलं नसतं, असं म्हणते. उत्तर येतं, हे अश्रू खरे आहेत असं समजतेस की काय? तिच्याजवळचा शेवटचा पुरावाही स्वप्नाच्या आतलाच निघतो.

पुढे हीच गाठ गणितात पडली. जे संच स्वतःचे सदस्य नाहीत त्या सगळ्यांचा एक संच केला, तर तो स्वतःचा सदस्य असतो का? असतो म्हणावं तर नसतो, नसतो म्हणावं तर असतो. हे कोडं इंग्रज तर्कशास्त्रज्ञ रसेलनं 1902 साली जर्मन तर्कशास्त्रज्ञ फ्रेगेला पत्रानं कळवलं, तेव्हा गणिताचा पाया तर्कावर रचणाऱ्या फ्रेगेच्या ग्रंथाचा दुसरा खंड छपाईत होता. 1931 साली तर्कशास्त्रज्ञ गोडेलनं अंकगणिताच्या सूत्रांतच स्वतःविषयी बोलणारं विधान रचून दाखवलं.

1982 साली अमेरिकी तत्त्वज्ञ पीटर सबर यांचा ‘नॉमिक’ हा खेळ प्रसिद्ध झाला, त्यात नियम बदलणं हीच चाल आहे. नियम बदलत बदलत एखादी चाल सारखीच वैध आणि अवैध ठरली, तर मूळ नियमांप्रमाणे ज्या खेळाडूला पहिल्यांदा आपली पाळी पुरी करता येत नाही, तो जिंकतो. पुलाशी अडलेल्या न्यायाधीशांना जी जागा संकटाची होती, तिथे या खेळात विजय ठेवलेला आहे.