मेंदूचं कलम

निकोला नावाचा तरुण बऱ्याच वर्षांनी आर्देनच्या जंगलात राहणाऱ्या आपल्या आप्ताकडे, डॉक्टर लेर्नकडे येतो. तिथल्या काचघरात त्याला विचित्र कलमं दिसतात. झाडावर झाड ठीक, पण इथे झाडाला प्राण्याचे अवयव जोडलेले! डॉक्टरची मजल पुढे मेंदूंच्या अदलाबदलीपर्यंत जाते आणि निकोलाचा मेंदू एका बैलाच्या डोक्यात जाऊन बसतो. मोरिस रनार या फ्रेंच लेखकाची ही कादंबरी १९०८ साली आली. ती त्याने विज्ञानकथा लिहिणारे इंग्रज लेखक एच. जी. वेल्स यांना अर्पण केली आहे.

ही निव्वळ भुताखेतांची गोष्ट नव्हे. १८९४ मध्ये लियाँ शहरात फ्रान्सचे राष्ट्राध्यक्ष सादी कार्नो यांना भोसकण्यात आलं. यकृताकडे जाणारी मोठी शीर कापली गेली होती आणि ती शिवायची कशी, हे तेव्हा कुणालाच ठाऊक नव्हतं. त्या वेळी लियाँमध्येच वैद्यकी शिकणाऱ्या अलेक्सी कारेलच्या मनाला हे लागलं. त्याने बारीक टाके घालण्याची कला चक्क भरतकाम करणाऱ्या बाईकडून शिकून घेतली. मग युक्ती काढली: कापलेल्या रक्तवाहिनीच्या गोल तोंडाला तीन ठिकाणी टाके घालून ताणायचं, की गोलाचा त्रिकोण होतो आणि सरळ कडा शिवणं सोपं जातं. १९०२ मध्ये त्याने ही पद्धत प्रसिद्ध केली आणि १९१२ मध्ये त्याला नोबेल मिळालं. कादंबरी आली त्याच १९०८ मध्ये अमेरिकेत चार्ल्स गथ्री यांनी एका कुत्र्याच्या मानेवर दुसऱ्याचं डोकं जोडून पाहिलं. रनारची कल्पना वास्तवाच्या किती जवळून चालली होती, हे वाचताना मी थक्क होतो.

मग लेर्नचं चुकलं कुठे? सगळी अडचण सुईदोऱ्याची आहे, असं तो धरून चालतो. झाडात सालीखाली सतत वाढणाऱ्या पेशींचा पातळ थर असतो. दोन फांद्यांचे थर जुळले की जखम भरते, कलम धरतं. तरी आंब्याचं कलम आंब्यावर बसतं, फणसावर नाही. प्राण्याचं शरीर त्याहून कडक. कुत्र्याची स्वतःची किडनी काढून पुन्हा त्यालाच लावली तर ती चाले. दुसऱ्या कुत्र्याची लावली तर थोड्याच दिवसांत निकामी होई, हे कारेललाही दिसलं होतं. परक्या पेशी ओळखून शरीर त्यांच्यावर तुटून पडतं, हे कोडं ब्रिटिश शास्त्रज्ञ पीटर मेडावार यांनी १९४० च्या दशकात उलगडलं. म्हणूनच १९५४ मध्ये बोस्टनला यशस्वी झालेलं किडनीचं रोपण एकसारख्या जुळ्या भावांमधलं होतं. पुढे प्रतिकारशक्ती दाबणारी औषधं आली आणि वाट रुंदावली.

मेंदूची गोष्ट निराळी. रक्तवाहिन्या जोडता येतात, पण मज्जारज्जूतले तुटलेले तंतू आपणहून पुन्हा जुळत नाहीत. १९७० मध्ये रॉबर्ट व्हाइट यांनी एका माकडाचं डोकं दुसऱ्याच्या धडावर लावलं. ते डोकं पाहत होतं, चावायला धावत होतं. मानेखालचं धड मात्र त्याचं नव्हतंच.

रनारने १९२० मध्ये आणखी एक कादंबरी लिहिली. तिच्यातल्या पियानोवादकाला दुसऱ्याचे हात बसवले जातात आणि ते आपले नाहीत या भीतीने तो पोखरला जातो. १९९८ मध्ये हाताचं रोपण खरोखर झालं, तेही कारेलच्याच लियाँमध्ये. रुग्णाने पुढे औषधं सोडली. मनाने आपण या हातापासून तुटलो आहोत, असं त्याचं म्हणणं होतं. २००१ मध्ये त्याच्याच विनंतीवरून तो हात काढून टाकण्यात आला.